छायालेखक ते दिग्दर्शक : गोविंद निहलानी आणि मराठी लेखक

१

भारतीय चित्रपटाच्या आरंभकाळात छायालेखक आणि दिग्दर्शक ह्या दोन भूमिकांमध्ये आजच्याइतके अंतर नव्हते. बाबूराव पेंटर यांनी कोल्हापुरात आपल्या कार्यशाळेत कॅमेरा तयार केला आणि पुढे ‘सैरंध्री’ (१९२०) दिग्दर्शित केला. महाराष्ट्र फिल्म कंपनीत यंत्र आणि रंग ह्या दोन्हींचे शिक्षण घेतलेल्या दामले-फत्तेलाल ह्या जोडीने ‘संत तुकाराम’ (१९३६) घडवला. ‘प्रभात’चे छायालेखक केशवराव धायबर यांनीही दिग्दर्शन केले. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये नितीन बोस आणि बिमल रॉय हे दोघेही कॅमेऱ्यामागूनच दिग्दर्शनाकडे आले. बारुआंच्या ‘देवदास’चे (१९३५) छायालेखन करणारे बिमल रॉय यांनी ‘उदयेर पथे’ (१९४४) ह्या चित्रपटाने दिग्दर्शक म्हणून आपले नाव केले.

पुढे चित्रपटनिर्मितीचा व्याप वाढला, श्रमविभागणी काटेकोर झाली आणि छायालेखक हा दुसऱ्याच्या कल्पनेला दृश्यरूप देणारा तज्ज्ञ ठरला. स्वातंत्र्योत्तर काळात ह्या मर्यादेतून बाहेर पडून दिग्दर्शक झालेल्या छायालेखकांमध्ये गोविंद निहलानी यांचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागते. त्यांच्या कारकिर्दीचा विचार सहसा हिंदी ‘समांतर’ चित्रपटाच्या संदर्भात होतो आणि तो रास्तही आहे. मात्र ह्या कारकिर्दीचे आणखी एक अंग आहे आणि ते साहित्याच्या अभ्यासकाला अधिक जवळचे आहे. निहलानी यांची मातृभाषा सिंधी, त्यांचे तांत्रिक शिक्षण कन्नड प्रदेशात झाले आणि त्यांचे बहुतेक चित्रपट हिंदीत आहेत. तरीही छायालेखनाकडून दिग्दर्शनाकडे जाण्याचा त्यांचा मार्ग मराठी नाटक, मराठी कथा आणि मराठी कविता ह्यांच्यामधून गेलेला आहे. विजय तेंडुलकर, श्री. दा. पानवलकर, दिलीप चित्रे, महेश एलकुंचवार ह्या लेखकांवाचून निहलानी हे दिग्दर्शक म्हणून कसे घडले असते, ह्याची कल्पना करणे कठीण आहे.

हा योग केवळ व्यावहारिक नव्हता. छायालेखकाचे काम पाहण्याचे असते. तो घटनास्थळी हजर असतो, पण घटनेत नसतो. निहलानी यांच्या प्रमुख चित्रपटांच्या केंद्रस्थानी असाच एखादा पाहणारा माणूस आहे. त्याला सत्य दिसलेले असते, आणि आता त्याने काय करावयाचे हा प्रश्न त्याच्यापुढे उभा असतो. हा प्रश्न त्याच काळात मराठी लेखकही विचारीत होते. त्या दोहोंच्या भेटीचा इतिहास पुढे मांडला आहे.

२

निहलानी यांचा जन्म १९४० मध्ये कराचीत झाला. फाळणीनंतर हे कुटुंब राजस्थानात उदयपूरला आले. छायालेखनाच्या शिक्षणासाठी निहलानी बेंगळूरला गेले आणि तेथील श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमधून १९६२ मध्ये त्यांनी तो अभ्यासक्रम पूर्ण केला. पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट १९६० मध्ये सुरू झाली होती, पण तिची परंपरा अद्याप घडावयाची होती. बेंगळूरच्या संस्थेत मात्र १९४० च्या दशकापासून छायालेखन शिकवले जात होते, आणि ते एक तंत्रविद्या म्हणून शिकवले जात असे. भिंग, फिल्मची संवेदनक्षमता, रसायने, दिव्यांची मांडणी ह्या गोष्टी विद्यार्थ्याच्या हाती प्रथम येत. कलेची भाषा नंतर.

ह्याच संस्थेचे आधीच्या पिढीतील विद्यार्थी म्हणजे व्ही. के. मूर्ती. म्हैसूरमध्ये १९२३ साली जन्मलेल्या मूर्तींनी गुरुदत्त यांच्या ‘प्यासा’ (१९५७), ‘कागज के फूल’ (१९५९) आणि ‘साहिब बीबी और गुलाम’ (१९६२) ह्या चित्रपटांचे छायालेखन केले. ‘कागज के फूल’ हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट. त्यातील एका गीतासाठी मूर्तींनी बाहेरचे ऊन आरशांवरून परावर्तित करून स्टुडिओच्या अंधारात प्रकाशाचा झोत आणला, ही हकीकत छायालेखनाच्या विद्यार्थ्यांना आजही सांगितली जाते. मुंबईत आल्यावर निहलानी यांनी मूर्तींचे सहायक म्हणून काही वर्षे काम केले. गुरूकडून त्यांना जे मिळाले ते मुख्यतः काळोखाविषयीचे भान होते. चौकटीतला कोणता भाग उजळावयाचा हे ठरवण्याआधी कोणता भाग अंधारात ठेवावयाचा हे ठरवावे लागते, ही मूर्तींच्या प्रकाशयोजनेची शिस्त शिष्याच्या कामात शेवटपर्यंत दिसते.

बेंगळूर आणि मुंबई ह्यांच्यामधील ही देवाणघेवाण एकेरी नव्हती. त्याच सुमारास कर्नाटकातून मुंबईला आलेले शंकर नाग येथील मराठी रंगभूमीवर वावरले आणि नंतर कन्नड चित्रपटात परतले. गिरीश कर्नाड यांच्या ‘ओंदानोंदु कालदल्ली’ (१९७८) ह्या चित्रपटातील त्यांच्या भूमिकेची राष्ट्रीय-आंतरराष्ट्रीय पातळीवर दखल घेतली गेली. १९९० मध्ये त्यांचे अपघाती निधन झाले. मुंबईच्या बहुभाषिक रंगभूमीवर वाढलेल्या त्यांच्या पत्नी अरुंधती नाग यांच्या प्रयत्नांतून बेंगळूरच्या जे. पी. नगर ह्या भागात ‘रंग शंकर’ हे नाट्यगृह २००४ मध्ये उभे राहिले. मुंबईच्या रंगभूमीचा संस्कार कन्नड भूमीत कसा रुजला ह्याची ती वास्तू साक्ष आहे. निहलानी यांचा प्रवास ह्याच्या उलट दिशेने झाला. ते विद्या बेंगळूरहून घेऊन आले आणि तिला विषय मिळाला तो मुंबईच्या मराठी नाट्यवर्तुळात.

३

ह्या भेटीचे निमित्त झाले ‘शांतता! कोर्ट चालू आहे’. तेंडुलकरांचे हे नाटक ‘रंगायन’ने १९६७ मध्ये अरविंद देशपांडे यांच्या दिग्दर्शनाखाली रंगमंचावर आणले होते. सत्यदेव दुबे यांनी १९७१ मध्ये त्यावर मराठी चित्रपट केला आणि त्याचे छायालेखन निहलानी यांच्याकडे आले. लीला बेणारेच्या भूमिकेत सुलभा देशपांडे होत्या.

नवोदित छायालेखकासाठी ही सामग्री अवघड होती. एका सभागृहात काही हौशी नट जमतात, वेळ घालवण्यासाठी खोटा खटला उभा करतात आणि पाहतापाहता एका स्त्रीच्या खाजगी आयुष्याची चिरफाड करतात. येथे निसर्ग नाही, प्रवास नाही, वेशभूषेचा थाट नाही. आहेत ते चेहरे आणि शब्द. नाटकाच्या शेवटाकडे बेणारेचे दीर्घ स्वगत येते तेव्हा बाकीची पात्रे थिजलेली असतात. तिचे म्हणणे त्यांच्या न्यायालयाच्या कानी पडतच नाही. रंगमंचावर हे स्वगत प्रेक्षकांना उद्देशून असते. चित्रपटात ते ऐकणारा पहिला जण म्हणजे कॅमेरा. जे न्यायालय ऐकत नाही ते कॅमेऱ्याने ऐकावयाचे, ही निहलानी यांच्या पुढील साऱ्या कामाची रीत येथेच पडली असे म्हणता येईल.

ह्यानंतर दोन वर्षांनी त्यांनी कर्नाड यांच्या ‘काडु’ (१९७३) ह्या कन्नड चित्रपटाचे छायालेखन केले. श्रीकृष्ण आलनहळ्ळी यांच्या कादंबरीवरील हा चित्रपट दोन गावांमधील वैर आणि त्यातून उद्भवणारी हिंसा किट्टी नावाच्या लहान मुलाच्या नजरेतून दाखवतो. मुलाला सारे दिसते, पण त्याला काही थांबवता येत नाही. ज्या राज्यात शिक्षण घेतले तेथील रानाचा काळोख टिपताना निहलानी यांना पुन्हा एकदा पाहणाऱ्या पण असहाय अशा साक्षीदाराची दृष्टी घ्यावी लागली.

१९७० च्या दशकातील त्यांचे मुख्य काम श्याम बेनेगल यांच्यासोबतचे आहे. ‘अंकुर’ (१९७४), ‘निशांत’ (१९७५), ‘मंथन’ (१९७६), ‘भूमिका’ (१९७७), ‘कोंडुरा’ (१९७८), ‘जुनून’ (१९७९), ‘कलयुग’ (१९८१) ही यादीच पुरेशी बोलकी आहे. स्टुडिओत शिकलेल्या निहलानी यांना येथे प्रत्यक्ष स्थळी, उपलब्ध उजेडाशी जुळवून घेत काम करावे लागले. तेलंगणातील दुपार, गुजरातेतील धूळ, वाड्यांच्या आतल्या खोल्यांमधला मंद उजेड ह्यांना हिंदी चित्रपटाच्या पडद्यावर त्यांच्या स्वभावधर्मासह स्थान मिळाले. ‘जुनून’साठी त्यांना छायालेखनाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन उभा केलेला ‘मंथन’ २०२४ मध्ये पुनरुज्जीवित होऊन कान महोत्सवात दाखवला गेला. मूळ निगेटिव्हवरून झालेल्या त्या कामावर बेनेगल आणि निहलानी ह्या दोघांची देखरेख होती.

ह्याच चित्रपटांमधून निहलानी यांचा मराठी साहित्याशी असलेला संबंध दृढ होत गेला. ‘निशांत’ आणि ‘मंथन’ यांची पटकथा तेंडुलकरांची होती. ‘भूमिका’ला हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ ह्या आत्मकथनाचा आधार होता, तर ‘कोंडुरा’ चिं. त्र्यं. खानोलकरांच्या कादंबरीवरून घेतलेला होता. म्हणजे दिग्दर्शक होण्यापूर्वीच्या दहा वर्षांत निहलानी यांनी नाटक, पटकथा, आत्मकथन आणि कादंबरी असे चार प्रकारचे मराठी लेखन प्रकाशात उतरवून पाहिले होते. लेखकाचे वाक्य कोठे थांबते आणि दृश्य कोठे सुरू होते ह्याची ही दीर्घ उमेदवारी होती.

४

अभ्यासक्रम पूर्ण केल्यापासून अठरा वर्षांनी, वयाच्या चाळिशीत, निहलानी यांनी ‘आक्रोश’ (१९८०) दिग्दर्शित केला. लेखक तेंडुलकरच होते. १९७० च्या दशकात नेहरू शिष्यवृत्तीच्या निमित्ताने तेंडुलकरांनी भारतीय समाजातील हिंसेच्या बदलत्या रूपांचा शोध घेतला होता. ‘आक्रोश’च्या पटकथेमागे त्या शोधाची सावली जाणवते.

कथा एका खटल्याची आहे. लहान्या भिकू ह्या आदिवासी मजुरावर पत्नीच्या खुनाचा आरोप आहे. सरकारने नेमून दिलेला तरुण वकील भास्कर कुलकर्णी त्याला वाचवू पाहतो, परंतु लहान्या त्याच्यासमोर एक शब्दही उच्चारत नाही. त्याच्या पत्नीवर गावातल्या प्रतिष्ठितांनी अत्याचार करून तिला मारले आहे, हे सत्य त्याला ठाऊक आहे आणि हळूहळू वकिलालाही कळते. सरकारी वकील दुसाणे हा स्वतः आदिवासी समाजातून आलेला आहे. आपले स्थान टिकवण्यासाठी तो व्यवस्थेच्या बाजूला उभा राहतो. अखेरीस वडिलांच्या अंत्यविधीसाठी आणलेला लहान्या कुऱ्हाड उचलतो आणि स्वतःच्या बहिणीला ठार करतो, कारण पत्नीच्या वाट्याला जे आले ते तिच्या वाट्याला येणार हे त्याला दिसते. मग त्याचा आवाज फुटतो.

‘शांतता!’ आणि ‘आक्रोश’ ह्यांची रचना परस्परांशी ताडून पाहण्याजोगी आहे. दोन्हींत न्यायालय आहे आणि दोन्हींत ते निरर्थक आहे. बेणारे बोलते, पण तिचे कोणी ऐकत नाही. लहान्याचे ऐकावयास वकील उत्सुक आहे, पण तो बोलत नाही. संवादांवर ज्याची हुकमत मान्य झालेली आहे असा नाटककार येथे मूक नायक लिहितो, आणि हे त्याला शक्य होते ते समोरचा दिग्दर्शक मुळात छायालेखक असल्यामुळे. ओम पुरी यांचा चेहरा, विशेषतः डोळे, ह्या चित्रपटात संवादाचे काम करतात. निहलानी यांनी छायालेखनही स्वतःच केले. लहान्याच्या चेहऱ्यावर ते नाट्यमय छायाप्रकाशाचा मारा करीत नाहीत. कोठडीतला उजेड जेवढा असावा तेवढाच तेथे आहे. गुरूची शिस्त आणि बेनेगल यांच्याकडील अनुभव ह्यांचा मेळ येथे दिसतो. ‘आक्रोश’ला हिंदीतील उत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक लाभले आणि १९८१ मध्ये दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवातील सुवर्णमयूरही विभागून मिळाला.

भारतीय परंपरेत साक्षीभावाला मोठी प्रतिष्ठा आहे. एकाच वृक्षावरील दोन पक्ष्यांच्या उपनिषदांतील रूपकात फळ खाणारा पक्षी बद्ध आणि केवळ पाहणारा मुक्त मानलेला आहे. संतवाङ्मयातही अलिप्तपणे पाहणे ही साधनेची अवस्था आहे. ‘आक्रोश’मधील भास्कर कुलकर्णीला हा आधार उपलब्ध नाही. तो पाहतो आणि पाहिल्यामुळेच गुंततो. काही न करण्याची सबब त्याच्याकडून हिरावली जाते. पाहणे ही सुटका नसून जबाबदारी आहे, हा ह्या चित्रपटाचा आशय आहे. तो मांडण्याचा अधिकार ज्याने आयुष्याची अठरा वर्षे भिंगातून पाहण्यात घालवली त्याला विशेषच होता.

५

‘अर्धसत्य’मध्ये (१९८३) मराठी लेखनाची तीन अंगे एकत्र आली. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची ‘सूर्य’, पटकथा तेंडुलकरांची, शीर्षक आणि भावार्थ पुरवणारी कविता दिलीप चित्रे यांची. संवाद लिहिले वसंत देव यांनी, ज्यांनी मराठी नाटके हिंदीत नेण्याचे काम सातत्याने केले. फौजदार अनंत वेलणकर हा हवालदाराचा मुलगा. वडील आईला मारीत असताना तो लहानपणी नुसता पाहत राहिलेला आहे. त्या असहाय पाहण्याची जखम पुढे खाकी गणवेशात, कोठडीतल्या मारहाणीत आणि रामा शेट्टीसारख्या गुंडापुढे वारंवार होणाऱ्या नामुष्कीत चिघळत जाते.

साहित्याच्या विद्यार्थ्याने ह्या चित्रपटातील कवितेचा प्रसंग काळजीपूर्वक पाहावा. वेलणकर आणि साहित्याची प्राध्यापिका असलेली ज्योत्स्ना गोखले उपाहारगृहात बसलेली आहेत. तिच्याजवळच्या पुस्तकातील कविता वेलणकर काहीशा थट्टेने वाचू लागतो. चक्रव्यूहात शिरण्यापूर्वीच्या आणि शिरल्यानंतरच्या माणसाविषयीच्या ह्या कवितेच्या ओळी पुढे सरकतात तसा त्याचा आवाज बदलतो. आपण स्वतःविषयीच वाचीत आहोत हे त्याला कळून चुकते. हिंदी चित्रपटात कविता गीत होऊन येण्याची रूढी आहे. येथे ती वाचली जाते, आणि वाचनामुळे एका माणसात घडणारा बदल कॅमेरा स्थिरपणे टिपतो. कवितेच्या परिणामाचे इतके अचूक दृश्यरूप भारतीय चित्रपटात क्वचितच आढळते.

रामा शेट्टीच्या भूमिकेसाठी निहलानी यांनी मराठी रंगभूमीवरील सदाशिव अमरापूरकर यांची निवड केली. आवाज न चढवता बोलणारा हा खलनायक पुढील हिंदी चित्रपटांना नवा नमुना देऊन गेला. ओम पुरी यांना ह्या चित्रपटासाठी राष्ट्रीय पारितोषिक आणि कार्लोव्ही व्हॅरी महोत्सवातील अभिनयाचे पारितोषिक मिळाले. शेवटी वेलणकर शेट्टीचा गळा आवळून त्याला मारतो आणि पोलिसांच्या स्वाधीन होतो. ह्या शेवटाविषयी मतभेद होण्याजोगे आहेत. प्रश्नाची गुंतागुंत एका व्यक्तीच्या क्रोधात विरघळते आणि प्रेक्षकाला हवा तो निचरा मिळतो, हा आक्षेप निराधार नाही. ‘आक्रोश’चा शेवट प्रेक्षकाला अस्वस्थ करून सोडतो, ‘अर्धसत्य’चा शेवट त्याला काही अंशी मोकळे करतो. नंतरच्या काळात पोलीस अधिकाऱ्याच्या व्यक्तिगत सूडाचे जे चित्रपट आले त्यांनी ह्या शेवटाचे अनुकरण केले, त्यामागील अपराधभावाचे केले नाही.

‘पार्टी’ (१९८४) हा साक्षीदाराच्या प्रश्नाचा तिसरा आविष्कार. महेश एलकुंचवार यांच्या नाटकावर आधारलेल्या ह्या चित्रपटाची पटकथा त्यांनीच लिहिली. नाटककार दिवाकर बर्वे याला मिळालेल्या पुरस्काराच्या निमित्ताने दमयंती राणे हिच्या घरी मेजवानी आहे. लेखक, नट, डॉक्टर, पत्रकार, नवकवी जमलेले आहेत. ज्याच्याविषयी सारे बोलतात तो कवी अमृत मात्र तेथे नाही. तो शहर सोडून आदिवासींच्या लढ्यात गेला आहे. संपूर्ण चित्रपट बव्हंशी एका घरात आणि एका रात्रीत घडतो. कॅमेरा पाहुण्यांमधून फिरतो, एका घोळक्यातून दुसऱ्यात जातो, एखादे अर्धे वाक्य टिपून पुढे सरकतो. सभागृहाच्या चार भिंतींत ‘शांतता!’ चित्रित करणाऱ्या छायालेखकाला ही बंदिस्त जागा परिचयाची होती. शेवटी अमृत दिसतो तो रक्तबंबाळ, वाचा हरवलेला असा, बर्व्याच्या मनातील आकृती म्हणून. लहान्या भिकूचे मौन येथे कवीच्या वाट्याला आलेले आहे. ‘आक्रोश’मध्ये वकिलाला जो प्रश्न पडला तो ‘पार्टी’त थेट लेखकांना विचारलेला आहे: ज्यांना दिसते आणि ज्यांच्याजवळ शब्द आहेत त्यांनी काय केले?

ह्याच वर्षांत चित्रे यांनी ‘विजेता’ (१९८२) हा चित्रपट निहलानी यांच्यासाठी लिहिला आणि स्वतः ‘गोदाम’ (१९८३) दिग्दर्शित केला तेव्हा छायालेखनासाठी निहलानी उभे राहिले. तेंडुलकरांच्या लेखनावरील ‘आघात’ (१९८५) कामगार चळवळीतील हिंसेविषयी होता. लेखक आणि छायालेखक यांनी परस्परांच्या कामात इतक्या मोकळेपणाने ये-जा केल्याचा हा काळ मराठी वाङ्मयाच्या इतिहासात नोंदवला जावा असा आहे.

६

‘तमस’ (१९८८) ह्या दूरचित्रवाणी मालिकेने निहलानी यांना स्वतःच्या बालपणातील आघाताकडे नेले. भीष्म साहनी यांच्या कादंबरीला १९७५ चा साहित्य अकादेमी पुरस्कार मिळाला होता. सात वर्षांचा असताना ज्याने कराची सोडली त्याने फाळणीची ही कथा चित्रित करावी हे स्वाभाविक होते. विशेष असे की छायालेखनासाठी ह्या वेळी व्ही. के. मूर्ती निहलानी यांच्यासोबत होते. गुरू शिष्याच्या चित्रपटासाठी प्रकाश योजीत होता, आणि कादंबरीच्या नावाचाच अर्थ अंधार असा होता. नत्थू अपुऱ्या उजेडात डुकराला मारण्याची केविलवाणी खटपट करतो त्या आरंभीच्या प्रसंगात आपण कशाचे साधन होत आहोत हे त्याला दिसत नाही. जे दिसते ते प्रेक्षकाला, आणि तेही तुकड्यातुकड्यांनी.

दूरदर्शनवर मालिका सुरू असतानाच तिच्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात अर्ज झाला. न्यायमूर्तींनी मालिका स्वतः पाहून प्रक्षेपणाला संमती दिली आणि पुढे सर्वोच्च न्यायालयानेही तीच भूमिका मान्य केली. न्यायालयांतील न्यायावर चित्रपट काढणाऱ्या दिग्दर्शकाचे चित्रण असे स्वतःच न्यायालयासमोर पुरावा म्हणून उभे राहिले आणि ग्राह्य ठरले.

नंतरच्या काळात निहलानी यांनी इब्सेन, स्ट्रिंडबर्ग, लोर्का ह्यांच्या नाटकांची रूपांतरे केली. बेंगळूरवासी कादंबरीकार आणि कन्नड नाटककार श्रीरंग यांच्या कन्या शशी देशपांडे यांच्यासह ‘दृष्टि’ची (१९९०) पटकथा लिहिली, आणि महाश्वेता देवींच्या कादंबरीवर ‘हज़ार चौरासी की माँ’ (१९९८) केला. ‘तक्षक’ (१९९९) आणि ‘देव’ (२००४) ह्यांमध्ये लोकप्रिय नट घेऊन मोठ्या प्रेक्षकवर्गापर्यंत जाण्याचा प्रयत्न होता. तेथे आशय संवादांतून सांगितला जातो, दृश्यातून उलगडत नाही, आणि पूर्वीच्या चित्रपटांचा प्रत्यय येत नाही. तेंडुलकर किंवा एलकुंचवार यांच्यासारखा लेखक, ज्याच्या शब्दांना प्रतिकार करता करता दृश्य समृद्ध होत असे, तो येथे नाही, हे त्याचे एक कारण असावे.

एक प्रश्न मराठी अभ्यासकाने विचारावयास हवा. ह्या लेखकांचे हे काम मराठीत का झाले नाही? जब्बार पटेल यांनी ‘सामना’ (१९७५), ‘सिंहासन’ (१९७९) आणि ‘उंबरठा’ (१९८२) हे तेंडुलकरांच्या पटकथांवरील चित्रपट मराठीत केले, ही गोष्ट खरी. परंतु अशा चित्रपटांना लागणारा पैसा आणि देशभरचा प्रेक्षक हिंदीत अधिक सुलभ होता. त्यात काही हरवले. पानवलकरांच्या कथेतील बोलीचा पोत हिंदी संवादात उतरत नाही. अनंत वेलणकरचे घर मराठी आहे हे आडनावावरून आणि वागणुकीवरून कळते, भाषेवरून कळत नाही. मिळाले ते असे की १९६० नंतरच्या मराठी साहित्याने उभा केलेला नैतिक प्रश्न मराठी न जाणणाऱ्या प्रेक्षकांपर्यंत पोचला, आणि तो सारांशरूपाने न पोचता चेहरे, खोल्या आणि उजेड ह्यांच्यासह पोचला.

२०१७ मध्ये प्रदर्शित झालेल्या ‘ती आणि इतर’ ह्या चित्रपटाने निहलानी मराठी भाषेत दिग्दर्शक म्हणून आले. ‘शांतता!’नंतर तेव्हा सेहेचाळीस वर्षे लोटली होती. मंजुळा पद्मनाभन यांच्या ‘लाइट्स आउट’ ह्या इंग्रजी नाटकावर तो आधारलेला आहे. शेजारी एका स्त्रीवर अत्याचार होत आहेत, तिच्या किंकाळ्या ऐकू येत आहेत, आणि सुशिक्षित माणसे दिवाणखान्यात बसून त्यावर चर्चा करीत आहेत. बेणारेभोवती जमलेला घोळका, ‘पार्टी’तले पाहुणे आणि ही माणसे एकाच वर्गातील आहेत. चित्रपट म्हणून ‘ती आणि इतर’ला ‘आक्रोश’ची उंची लाभली नाही, तरी निहलानी यांना अखेरपर्यंत कोणत्या प्रश्नाने सोडले नाही हे त्यावरून स्पष्ट होते.

बेंगळूरच्या तंत्रशाळेत आणि मूर्तींच्या हाताखाली निहलानी यांनी प्रकाशाचे माप शिकले. त्या प्रकाशात काय पाहावयाचे ते त्यांना मराठी लेखकांनी दाखवले. ह्या लेखकांनाही त्या बदल्यात असा दिग्दर्शक मिळाला की ज्याला मौनाचे चित्रण करता येत होते. ‘आक्रोश’, ‘अर्धसत्य’ आणि ‘पार्टी’ ह्यांचा अभ्यास म्हणूनच मूळ नाटके, कथा आणि कविता ह्यांच्या शेजारी ठेवून व्हावयास हवा. तसा तो झाल्यास तेंडुलकर-एलकुंचवारांच्या पिढीचे वाङ्मयीन कार्य छापील पानापलीकडे कोठवर पोचले ह्याचा अंदाज येईल, आणि एका छायालेखकाच्या दिग्दर्शक होण्याचा अर्थही अधिक नेमकेपणाने कळेल.